स्पंज केक आणि ओव्हनचं दार

ओव्हनचं दार अवेळी उघडलं, की स्पंज केक मधोमध साधारण दीड सेंटिमीटर खचतो. हा पदार्थविज्ञानाचा नियम आहे. केक करणाऱ्या बाईच्या चारित्र्याशी त्याचा संबंध नाही. कलेला मात्र असे नियम लागू नसतात.

मर्ल हॉकिंग ही ट्रेव्हर हॉकिंगची आई. ट्रेव्हरचं नाव सगळ्या दक्षिण ऑस्ट्रेलियाला ठाऊक आहे. (त्याने काय केलं, ते पुढे येईलच.) गावच्या कृषी प्रदर्शनात स्पंजचं पहिलं बक्षीस एके काळी मर्लचंच असे. ट्रेव्हरला पकडलं आणि तिने केक ठेवणं सोडलं. शेजारीण ग्लेनिस दर वर्षी कुंपणावरून विचारी, "काय गं, यंदा ठेवतेस ना?"

"बघू."

"बघत बस तू. तोवर आम्ही त्या शर्लीचा वातड केक चावतो."

अशात अ‍ॅडलेडहून सास्किया नावाची दिग्दर्शिका आली. तिला कुख्यात गुन्हेगाराच्या कुटुंबावर प्रायोगिक लघुपट करायचा होता. (प्रायोगिक म्हणजे ज्यात कुटुंबाला बोलू देत नाहीत.) तिने किटली टिपली, दाराची कडी टिपली, कोपऱ्यातली रिकामी खुर्ची बराच वेळ टिपली. खुर्चीचा पाय मोडला होता, म्हणून ती रिकामी होती. मर्लने तसं सांगितलंही. तो आवाज नंतर काढून टाकण्यात आला. मग घरातला अंधार टिपायला सास्कियाने ओव्हनचं दार उघडलं. आत मर्लने पाहुणीसाठी लावलेला स्पंज फुगत होता.

"अगं बाई, लाव ते दार."

"थांबा. खचू दे. किती सुंदर खचतोय."

लघुपट गावच्या सभागृहात दाखवला. प्रदर्शनाच्या बैठकीला न फिरकणारे लोकही दाटीवाटीने बसले. निम्मा वेळ पडद्यावर केक खचत होता. नंतर चर्चा झाली. शहरातल्या एका समीक्षकाला त्या खळग्यात मातृत्वाचं अपयश दिसलं. शर्ली म्हणाली, "मी कधीपासून सांगतेय, हिची अंडी नीट फेटलेलीच नसतात."

मर्लचे कान तापले. मातृत्वाचं तिने ऐकून घेतलं होतं.

"आई म्हणून काही सांगाल?" सास्कियाने विचारलं. सगळं सभागृह पुढे झुकलं.

मर्ल उठली. "केक खचला तो हिनं दार उघडलं म्हणून. ट्रेव्हरनं काय केलं ते कळेल या आशेनं जे इथवर थांबलेत, त्यांच्यासाठी माझ्याकडे काही नाही. बाकीच्यांनी शनिवारी प्रदर्शनाला या. यंदा मी स्पंज ठेवतेय."