भिजत घातलेला अक्रोड

आमच्या घरात न उघडणाऱ्या वस्तू माझ्याकडे येतात. बरण्यांची झाकणं, अडकलेल्या चेनी, आणि अक्रोड! त्या बाबतीत माझा हात धरणारा कुणी नाही, असं मी चारचौघांत सांगत असे.

बायको संग्रहालयात काम करते. लाखो वर्षं जमिनीत राहून दगड झालेली फळं नि बिया साफ करायच्या, हे तिचं काम. घरी मात्र ती आमच्यासाठी साधे बदाम-अक्रोड भिजत घालते. त्या दिवशी घाईत निघताना ती म्हणाली, "वाटीत अक्रोड भिजत घातलाय. बघ जरा."

आता तुम्हीच सांगा, 'बघ जरा' म्हणजे काय? आमच्याकडे तरी त्याचा एकच अर्थ. काम उरकून टाक!

मी तो चिमट्यात धरून दाबला. चिमटा वाकला. दाराच्या फटीत धरून दार ओढलं, तर बिजागरी निखळून दारच माझ्या अंगावर आलं. आई खुर्चीतूनच म्हणाली, "एवढासा अक्रोड फुटेना तुला?"

झालं, मी इरेला पेटलो. हातोडी आणली आणि डोळे मिटून घाव घातला. ओट्याचा टवका उडाला, अक्रोडाची दोन शकलं झाली. आतला गर सुरकुत्यांसकट शाबूत होता, पण दगडाचा! जुना माल गळ्यात मारला म्हणून मी दुकानदाराचा मनसोक्त उद्धार केला.

संध्याकाळी बायको आली. भिंतीला टेकवलेल्या दाराबद्दल तिने विचारलंही नाही. ती सरळ वाटीकडे गेली आणि दोन्ही शकलं जुळवून बघू लागली. तो संग्रहालयातला होता; चिकटलेली माती सुटावी म्हणून तिने तो घरी आणून भिजवला होता. इतक्या वर्षांच्या नोकरीत असा एकच तिच्या हाती लागला होता.

"अख्खा होता रे," ती म्हणाली. "लक्ष ठेव म्हणून सांगितलं होतं."

मला मेल्याहून मेल्यासारखं झालं. त्यावर मी "गोंद आणू का?" असं विचारलं, ते तर विचारायलाच नको होतं.

आता तो सांधून संग्रहालयात काचेमागे ठेवलाय. खाली पाटी आहे: 'अक्रोड, अतिप्राचीन. भेग अलीकडची.' लोक वाचून हसतात. मला काही हसू येत नाही.

हल्ली बायको मला 'बघ जरा' म्हणत नाही. परवा दूध उतू चाललं होतं. मी गॅसपाशीच उभा होतो. ती आतून धावत आली, मला बाजूला सारून गॅस बंद केला आणि परत गेली.

शपथेवर सांगतो, मी बघतच होतो.