पस्तीस रुपयांचा पुरावा

आमच्या शेजारच्या अण्णांनी एकदा माझ्या उपम्यावर लाल शिक्का मारला होता. म्हणजे अगदी उपम्यावर नाही, उपमा ज्या कागदी बशीत दिला होता तिच्या कडेला. 'रिजेक्ट' असं ठसठशीत उमटलं. "मीठ स्वल्प कमी," असं म्हणून त्यांनी बशी चाटूनपुसून रिकामी केली आणि मला परत दिली.

शिक्के दोन आहेत. हिरवा 'पास'चा आणि लाल 'रिजेक्ट'चा. अण्णा एका सरकारी कारखान्याच्या तपासणी खात्यात चौतीस वर्षं होते. निरोप समारंभात कारखान्यानं शाल दिली, घड्याळ दिलं. शिक्के मात्र अण्णांनी स्वतः मागून घेतले. येलहंक्याच्या आमच्या बिल्डिंगमध्ये दुधाच्या पिशवीपासून सोसायटीच्या नोटिशीपर्यंत कशावरही ते उमटतात. लिफ्टच्या दारावर तर गेली दोन वर्षं लाल शिक्का आहे, आणि खरं सांगायचं तर लिफ्टची तीच लायकी आहे.

अण्णांचं घराणं कित्येक पिढ्यांपासून बंगळुरातलं. मी लग्न होऊन पुण्याहून आले त्याला पंचवीस वर्षं झाली, तरी त्यांच्या लेखी मी कालची. मी त्यांच्याहून वीस वर्षांनी लहान, तरी ते मला मेधाक्का म्हणतात. बोलताना मधेच 'स्वल्प थांबा' म्हणतात, पटलं की 'सरी' म्हणतात, आणि न पटलं की एकच प्रश्न विचारतात, "पुरावा कुठाय?"

मी पूर्वी बँकेच्या कार्ड विभागात नोकरी करत होते, हे सोसायटीच्या गणपतीत मी बोलून बसले. तिथेच फसले. त्या महिन्यापासून दर पाच तारखेला सकाळी अण्णा आपल्या कार्डाचं स्टेटमेंट घेऊन माझ्या जेवणाच्या टेबलाशी हजर. स्टेटमेंट पोस्टानं येणारं, कागदी. मोबाइलवर त्यांचा विश्वास नव्हता. तो फ्रिजवर पडलेला असायचा आणि न वाचलेले मेसेज हजाराच्या घरात गेलेले. कागदावर मात्र स्टीलची पट्टी ठेवायची, एक ओळ मोठ्यांदा वाचायची, "सरी" म्हणायचं आणि पट्टी खाली सरकवायची. औषधं, वीजबिल, पेट्रोल, सरी, सरी, सरी. माझा चहा गार व्हायचा.

आणि एका महिन्यात पट्टी अडकली.

"हे एनु? काय आहे हे?" अण्णा म्हणाले.

तीन इंग्रजी अक्षरं, पुढे 'सर्व्हिसेस', पुढे बंगळुराचं 'बीएलआर'. पस्तीस रुपये. तीन ओळी सोडून पुन्हा तेच नाव, वीस रुपये. पुन्हा पस्तीस. एका महिन्यात असे अकरा.

"अण्णा, हे व्हेंडिंग मशीनवाले दिसतायत," मी म्हटलं. "मशीन कुठेही असो, कागदावर ते चालवणाऱ्या कंपनीचं नाव येतं. म्हणून ओळखू येत नाही. कुठे चिप्स-बिप्स घेतलेत का?"

"मी?" अण्णांना मी चोरीचा आळ घेतल्यासारखं वाटलं. "मशीनं पास करण्यात माझा जन्म गेला. मशीनच्या तोंडात पैसे घालून मी चिप्स खाईन?"

"मग कार्ड ब्लॉक करा."

"स्वल्प थांबा. पुराव्याशिवाय लाइन बंद करायची नसते."

आता कुणीही शहाणा माणूस कस्टमर केअरला फोन करून मोकळा झाला असता. अण्णा बस पकडून एका दवाखान्याच्या लॉबीत गेले, कारण तिथे असलं मशीन आहे हे त्यांना आठवत होतं. कार्ड टेकवलं, वीस रुपयांचं बिस्किट निवडलं. बिस्किट आतल्या स्प्रिंगमध्ये अडकून लोंबकळत राहिलं आणि त्या दिवशी मुद्दाम बरोबर नेलेल्या मोबाइलवर मेसेज आला पन्नास रुपयांचा. अण्णा घामाघूम होऊन थेट माझ्याकडे.

"वीसचं बिस्किट, पन्नास कापले, आणि बिस्किट नाहीच! दरोडा आहे हा!"

मी समजावलं, की मशीन आधी थोडी जास्त रक्कम अडवून धरतं, मग खरी तेवढीच कापतं, आणि माल पडला नाही तर तीही परत येते. तारीखसुद्धा दोन-तीन दिवस मागेपुढे होते. अण्णांनी हे सगळं डायरीत लिहून घेतलं आणि खाली माझी सही घेतली. पैसे चार दिवसांनी परत आले. पण नाव तेच होतं, तीन अक्षरं आणि सर्व्हिसेस. म्हणजे मशीनवाल्या कंपनीपर्यंत आम्ही पोचलो होतो. बटण कोण दाबत होतं, तेवढंच राहिलं.

मग रीतसर तक्रार केली. फोनवरच्या मुलीला अण्णांनी तिचं नाव, तिच्या साहेबाचं नाव आणि त्या साहेबाला कोण तपासतं ते विचारलं. तिनं त्यांना चार वेळा गाणं ऐकवत ठेवलं. शेवटी फॉर्म भरला तो मी. अकरा ओळी, अकरा तारखा, अकरा रकमा. कारणाच्या रकान्यात अण्णांनी लिहायला लावलं, 'पुरावा द्यावा.' माझ्या डोक्याला नुसता ताप झाला होता, पण त्यांचा चेहरा असा खुलला होता की निवृत्त झाल्यापासून तसा मी पाहिला नव्हता.

इथे अण्णांच्या विद्याबद्दल सांगायला हवं. ही त्यांची एकुलती एक मुलगी. आई लहानपणीच गेली, अण्णांनीच वाढवली. नोकरी एचएसआर लेआउटमध्ये. येलहंक्याहून तिथे जायला दोन तास, यायला दोन तास, म्हणून दीड वर्षापूर्वी ती तिकडेच राहायला गेली. पण हे अर्धं कारण. घरात पाऊल टाकलं की अण्णांची तपासणी सुरू व्हायची. किती वाजता निघालीस, काय खाल्लंस, बरोबर कोण होतं, उशीर का. जायच्या दिवशी ती जिन्यात उभी राहून अण्णांना म्हणाली होती, "अप्पा, मी तुमच्या कारखान्यातला पार्ट नाहीये. मला काही विचारत जाऊ नका." मी दारातच होते, मला ऐकू आलं.

अण्णांनी ते अक्षरशः पाळलं. रविवारी सकाळी दहाला ते फोन करायचे. "बरी आहेस?" "बरी आहे." "सरी." संपला फोन. भिंतीपलीकडून मला कळायचं.

तर तीन आठवड्यांनी बँकेचं पत्र आलं. पुरावा जोडलेला होता. अण्णांनी पट्टी ठेवली आणि वाचायला लागले. मशीनचं ठिकाण, एचएसआर लेआउट, अमुक इमारत, तिसरा मजला. वेळा संध्याकाळच्या, सात चाळीस, आठ दहा. पैसे मोबाइलच्या ॲपमधून, त्यात साठवलेल्या कार्डावरून. ॲपधारकाच्या नंबरचे शेवटचे चार आकडे...

चार आकडे त्यांनी वाचले नाहीत. दर रविवारी जो नंबर फिरवतात, तो त्यांना पाठ होता.

माझ्या डोक्यात लख्ख उजेड पडला. मागच्या दसऱ्याला विद्याचं कार्ड हरवलं होतं, तेव्हा नवीन येईपर्यंत वापर म्हणून अण्णांनीच आपलं दिलं होतं. ते तिच्या त्या ॲपमध्ये तसंच राहिलं. पुढचे काही महिने अधूनमधून एखादी ओळ आली असेल नि पट्टीखालून निसटली असेल, कारण अण्णांना मोतीबिंदू होता. ऑपरेशन झालं आणि अकराच्या अकरा दिसल्या.

पत्राच्या शेवटी होतं, की हे व्यवहार तुमचे नसतील तर खूण करा, हे कार्ड बंद करून नवीन नंबरचं देऊ. अण्णांनी पत्राची घडी घातली आणि घरी गेले. दुसऱ्या दिवशी सकाळी आले. "तक्रार मागे घ्या. माझीच चूक, असं लिहा."

"आणि विद्याला सांगा, कार्ड काढून टाक म्हणावं."

"नको!" अण्णा इतक्या जोरात म्हणाले की मी दचकले.

त्या दिवसापासून मोबाइल फ्रिजवरून खिशात आला. संध्याकाळी खिशात टिंग वाजलं की अण्णा जिथे असतील तिथे थांबायचे. मेसेज वाचायचे, वेळ बघायचे, डायरीत लिहायचे. एकदा सोसायटीच्या सभेत पाण्याच्या टँकरवरून कडाक्याचं भांडण चालू होतं, टिंग झालं, आणि अण्णा एकदम हसून खाली बसले. आठवड्यात तीनपेक्षा जास्त वेळा वीस रुपये आले की ते कोडबळी, म्हणजे आपली कडबोळी, तळायला घ्यायचे. वीस म्हणजे चिप्स, असा त्यांचा हिशेब. डबा कुरियरनं जायचा, वर पाठवणाऱ्याचं नाव माझं. मला कोडबळी येत नाहीत, ही गोष्ट वेगळी.

आणि मग एका शुक्रवारी सकाळी अण्णा दारात उभे. मोबाइल तळहातावर, एखादं आजारी पाखरू धरावं तसा.

"बारा दिवस झाले. एकही टिंग नाही. रविवारी फोनवर नुसतं 'बरी आहे' म्हणाली."

"अहो, मग फोन करा!"

"काय विचारू? चिप्स का खाल्ले नाहीस, म्हणून विचारू?"

"काहीही विचारा. बाप आहात तिचे!" मला खरंच राग आला होता.

अण्णा खुर्चीवर बसले. "मेधाक्का, मला भीती वाटते. मी विचारलं तर रविवारचा फोनसुद्धा जाईल."

मी चहा ठेवला, तोही त्यांनी घेतला नाही.

दुसऱ्या दिवशी शनिवार. मी अण्णांकडे डोसे घेऊन गेले होते, तेवढ्यात बेल वाजली आणि दारात विद्या. धडधाकट. हातात पाकीट.

"अप्पा, सॉरी. नवीन फोन घेतला, ॲप पुन्हा लावलं तेव्हा कळलं, इतके दिवस पैसे तुमच्याच कार्डावरून जात होते. काढून टाकलंय आता. हे घ्या, सगळा हिशेब केलाय."

अण्णांनी पाकीट घेतलं. कपाटाकडे गेले. शिक्का काढला, त्यावर 'हाऽ' करून फुंकर मारली आणि पाकिटावर ठक्क. लाल. रिजेक्ट.

"हे काय?"

"स्वल्प थांब," म्हणून त्यांनी डायरी तिच्या हातात दिली.

मला वाटलं, आता ही चिडणार, पाळत ठेवता म्हणणार, आणि जिन्यातला तो दिवस परत येणार. मी डोशांची बशी घट्ट धरून उभी राहिले. विद्या वाचत होती. 'सात चाळीस. पस्तीस रु. बदाम दूध असावं.' 'नऊ पाच. वीस रु. चिप्स. जेवली नाही.' 'सहा तीस. पस्तीस रु. आज वेळेत.' पानामागून पानं. ती हळूच खाली बसली.

"अप्पा," ती म्हणाली, "पस्तीसचं बदाम दूध नसतं. ताक असतं."

"ताक?" अण्णा हादरले. "मी सगळीकडे बदाम दूध लिहिलंय."

"मग विचारायचं ना मला!"

"तू नको म्हणाली होतीस."

अण्णा चष्मा पुसत, बँकेची तक्रार करावी तशा सुरात म्हणाले, "त्या मेसेजात नुसती रक्कम येते गं. काय खाल्लंस ते येत नाही."

तिनं डोळे पुसले, माझ्याकडे वळली आणि म्हणाली, "मेधामावशी, कोडबळी फार छान होती तुमची." मी डोसे ठेवले आणि सटकले.

आता संध्याकाळी साडेसात-आठच्या सुमारास भिंतीपलीकडे फोन वाजतो. तिकडून ती करते, रोज. मला अण्णांचाच आवाज येतो.

"ताक? आणि?... जेवण काय?... सरी. स्वल्प थांब, लिहून घेतो."

मग ठक्क. हिरवाच असणार.