पोस्टमनदादा बंदराला निघाले

निवृत्त होऊन चार महिने झाले नाहीत तोच पोस्टमनदादांनी घरात जाहीर केलं, "मी बंदरापर्यंत चालत जाणार. एकटा."

"का? तिथं कुणाचं पत्र द्यायचं राहिलंय?" शिलाई यंत्रावरची मान न उचलता बायकोने विचारलं.

पत्र राहिलं नव्हतं. गावच्या दवाखान्यात अपुऱ्या दिवसांच्या बाळांसाठी काचेची उबदार पेटी नव्हती, आणि दादांची नात तिच्यावाचून मरता मरता वाचली होती. वखारवाल्या शेठनी शब्द दिला होता: दहा दिवसांत, एकट्याने, पायी बंदर गाठा, पेटी माझ्याकडून. शेठ स्वतः बँड घेऊन तिथे थांबणार होते.

पहिल्याच दुपारी माशी शिंकली. रस्त्याकडेच्या एका म्हातारीने औषधाची बाटली पुढे केली. "एवढी माझ्या लेकीला द्याल? मुख्य रस्ता सोडला की थोडंसंच आत." छत्तीस वर्षांत दादांनी वाटपाची वस्तू नाकारली नव्हती. डोक्याने 'नको' म्हणायच्या आत हात पुढे झाला होता. लेकीने बाटली ठेवून घेतली आणि दिराचा दुरुस्त केलेला चष्मा दिला. दिराने चष्मा लावला, दादांना नीट न्याहाळलं आणि भाच्याच्या वह्या सोपवल्या. भाचा राहत होता टेकडीपलीकडे.

चौथ्या दिवशी सकाळी पाटी दिसली, 'बंदर १४०'. संध्याकाळच्या पाटीवर १७२. दादांनी ती दोनदा वाचली, मग एका सायकलवाल्याला अडवलं.

"बंदर इकडंच ना?"

"तुमच्या पाठीमागं."

"मग मी कुठं चाललोय?"

"ते मला कसं ठाऊक असणार, काका?"

रात्री शेठचा फोन आला. "कुठवर आलात?"

"जवळ."

"कशाच्या जवळ?"

दादांनी चहूकडे पाहिलं. "विहिरीच्या."

दहाव्या दिवशी पाय सुजून भाकरीसारखे झाले होते. पिशवीत शेवटचं पुडकं उरलं होतं, कुठल्याशा दुकानदाराने दिलेलं. वर लिहिलं होतं, 'शिवणबाई, पाण्याच्या टाकीमागे, निळं दार.' दादांच्या स्वतःच्या गल्लीचं वाटप नोकरीभर दुसऱ्याकडे होतं. त्यामुळे आपला पत्ता पत्ता म्हणून त्यांनी कधी वाचलाच नव्हता. विचारत विचारत, खाली मान घालून त्यांनी निळ्या दाराची कडी वाजवली.

दार बायकोने उघडलं.

"अगंबाई! यंत्राचा पट्टा तुम्ही आणलात?"

"तू इथं कशी?" दादांनी विचारलं.

"मी इथंच असते. लग्न झाल्यापासून."

तेवढ्यात फोन वाजला. मागे बँड जोरात चालू होता. "दादा, पोहोचलात ना? दिसत नाही तुम्ही!"

दादा बूट काढून उंबऱ्यावरच बसले. खोटं बोलणं सोपं होतं. गर्दीत चुकामूक झाली म्हटलं असतं तरी खपलं असतं. पण न पोहोचलेल्याला त्यांनी जन्मात 'पोहोचलं' म्हटलं नव्हतं.

"शेठ, सगळ्यांचं सगळं पोहोचवलं. मीच तेवढा राहिलो."

मग त्यांनी बाटलीपासून पट्ट्यापर्यंत सगळं सांगितलं. पलीकडे बँड थांबला.

"पेटी तुमचीच. जहाजातून उतरवून माझ्यासमोरच ठेवलीय," शेठ म्हणाले. "पण काचेचं काम आहे, ट्रकवाल्यांचा भरवसा नाही. तुमच्यासारखा खात्रीचा माणूस कुठून आणू?"

दादा भिंतीचा आधार घेत उठून उभे राहिले. बायकोने पुडकं खाली ठेवलं, त्यांचे बूट उचलले आणि कपाटात घालून कुलूप लावलं.