गिरणवाली आणि हसुरामकाकांची तिहाई

लॅपटॉपला कणीक लावणारा माणूस मी आयुष्यात एकच पाहिलाय. आमच्या बिल्डिंगमध्ये वरच्या मजल्यावर राहणारे हसुरामकाका. सकाळी अंघोळ, कपाळाला गंध, देवापुढे अगरबत्ती, आणि मग बोराएवढा कणकेचा गोळा लॅपटॉपच्या डाव्या बाणाच्या बटणावर अंगठ्याने नीट थापायचा. पहिल्यांदा पाहिलं तेव्हा मी विचारलं, "काका, हे काय चाललंय?" त्यांनी माझ्याकडे असं बघितलं, जणू वेड मलाच लागलं असावं.

"मास्तर, डाव्या अंगाला कनीक लावल्याबिगर घुमंल का?"

काका पखवाजी. पखवाजाच्या डाव्या तोंडाला ओली कणीक लावावी लागते, त्याशिवाय तो भरून बोलत नाही. उमेदीची सगळी वर्षं काकांनी कोन, पळस्पे आणि आसपासच्या गावांत भजनाला पखवाज वाजवला. त्यामुळे डाव्या हाताखाली जे काही येईल ते कणकेशिवाय अपुरं, हा त्यांचा सिद्धान्त. लॅपटॉपला मुंग्या लागल्या तेव्हाही सिद्धान्त ढळला नाही. दुरुस्तीच्या दुकानातल्या माणसाने बटणाखालचा मसाला टाचणीने उकरून काढला आणि मलाच विचारलं, "सर, याच्यावर पोळ्या लाटल्या काय?" मी 'हो' म्हणून टाकलं. खरं कारण सांगितलं असतं तर त्याचा विश्वास बसला नसता.

आता हा गृहस्थ लॅपटॉपवर करतो काय, तर भुताचा खेळ खेळतो. त्याचं नाव 'गिरण'. एक बंद पडलेली भातगिरणी असते, आत मिट्ट काळोख आणि आपोआप फिरणारे पट्टे. एका टोकाच्या खोलीतून आत शिरायचं आणि दुसऱ्या टोकाच्या दारातून बाहेर पडायचं, एवढंच काम. पाऊल मात्र पट्ट्याच्या ठेक्यावरच टाकायचं, एकदा डावं बटण, एकदा उजवं. ठेका चुकला की पावलाचा आवाज होतो. आवाज झाला की केस पुढे सोडलेली एक बाई कोपऱ्यातून उठते आणि सरळ आपल्या तोंडावर येते. काका तिला गिरणवाली म्हणतात. मी एकदा खेळून पाहिलं आणि नंतर घरी जाऊन बायकोकडून मीठमोहऱ्या उतरवून घेतल्या.

हा खेळ बनवलाय काकांच्याच मुलीने. नूतन माझी विद्यार्थिनी. मी शाळेत चित्रकला शिकवतो. 'माझा आवडता सण' म्हटलं की सगळी पोरं कंदील काढायची आणि ही कंदिलामागचा काळोख काढायची. पुढे इंजिनीअर झाली, बंगळुरात चांगल्या नोकरीला लागली, आणि एक दिवस नोकरी सोडून दोन मित्रांबरोबर खेळ बनवायला बसली. काकांच्या मिशीला ते अजिबात पटलं नाही. "पोरगी शिकवली, आन ती भुतं बनवते," असं ते जिन्यात भेटेल त्याला सांगायचे. पण सांगताना 'बनवते'वर जरा थांबायचे, तेव्हा मला ते थोडे फुशारल्यासारखे वाटायचे.

काकांबरोबर बोलायचं म्हणजे एक वाक्य सतत ऐकून घ्यायची तयारी हवी. "समेवर या." भाजीवाली भाव सांगताना घोळ घालायला लागली की "समेवर ये गो." सोसायटीच्या मीटिंगमध्ये सेक्रेटरी पाण्याच्या टाकीवरून राज्याच्या राजकारणावर गेले की मागून आवाज, "समेवर या, सायेब!" मी काही काळ त्यांच्या भजनी मंडळात टाळ वाजवायचो, तेव्हा तर हे वाक्य माझ्याच नावाने राखून ठेवलं होतं. ताल म्हणजे काकांची इज्जत. एका गावात भजन रंगात आलेलं असताना बुवांनी मात्रा खाल्ली, म्हणून काका पखवाज पिशवीत घालून चालत घरी आले होते. "हात सुटला तं मानूस सुटला," हे त्यांचं तत्त्वज्ञान. आपला हात कधी सुटला नाही, हा त्यांचा अभिमान. तो खरा होता.

अशा माणसाला ठेक्यावर चालायचा खेळ म्हणजे हातचा मळ असणार, असं मला वाटलं होतं. घडलं उलटंच. पहिले कित्येक दिवस वरून एकसारखं ऐकू यायचं, आधी बाईची किंकाळी आणि मागोमाग काकांची. एवढा आडव्या अंगाचा, मिशाळ माणूस, पण भुताला लहान मुलासारखा घाबरतो. खेळायचे भर सकाळी, ट्यूबलाइट लावून, दार उघडं टाकून. तरी पुरेना, म्हणून एक दिवस खाली येऊन म्हणाले, "मास्तर, तुमी नुसतं बाजूला बसा. बोलू नका, टाल वाजवू नका. बसा." तेव्हापासून सुट्टीच्या सकाळी मी भुताच्या बंदोबस्ताला वर जाऊन बसतो.

बसल्यावर चूक कळली, आणि ती फक्त पखवाजीच करू शकतो. काकांचा ठेका चुकत नव्हता, त्यांना तो साधा ठेवता येत नव्हता. दोन ठोक्यांच्या मध्ये मोकळी जागा दिसली की बोटं तिथे काहीतरी भरणारच. सगळ्यात वाईट दारापाशी. अख्खी खोली सुखरूप पार करायचे, दार हाताशी यायचं, आणि त्या आनंदात काका जोरदार तिहाई घ्यायचे. एकच बोल तीनदा वाजवून शेवटचा 'धा' बरोबर समेवर टाकायचा, ही वाजवणाऱ्यांची रीतच आहे. पहिल्या 'धा'ला गिरणवाली मान वर करायची, दुसऱ्याला उठायची आणि तिसऱ्याला काकांच्या मिशीला नाक लावायची.

"काका, तिहाई घेऊ नका ना!"

"मंग थांबायचं कसं? तसाच हात उचलायचा? लाज नाय वाटनार?"

रविवारी नूतनचा फोन आला की तक्रार तिच्यापुढे जायची. फोन स्पीकरवर असायचा, कारण काका दोन्ही हातांनी बोलतात.

"बाबा, भुताला तिहाई कळत नाही हो."

"मंग शिकव तिला! बनवलंस तूच ना?"

"बाबा, ती दाद द्यायला येत नाही, गिळायला येते."

"येऊ दे गो. पन समेवर येते कना, त्ये मना आवडलं."

मी बाजूला बसून हसायचो आणि मनात म्हणायचो, बाप-लेकीचं काय गूळपीठ आहे! पण ते तसं पूर्वी नव्हतं. काकू असताना नूतनचे फोन तासन्‌तास चालायचे, आईशी. शेवटी काकू फोन काकांकडे द्यायच्या. "जेवलात का?" "जेवलो." "बरं, ठेवते." यापलीकडे दोघांची गाडी कधी गेली नाही. काकूंच्या आजारपणात दवाखाना जवळ पडावा म्हणून ही मंडळी कोनमधलं घर सोडून इथे पनवेलला आली होती. काकू गेल्या, काका राहिले. त्यानंतर रविवारचा फोन 'जेवलात का'पाशीच सुरू व्हायचा आणि तिथेच संपायचा. पखवाजाला खोळ चढली ती उतरलीच नाही. मग वर्षश्राद्धाला आलेली नूतन जाताना लॅपटॉप ठेवून गेली. म्हणाली, "मी बनवलंय. खेळून सांगा कसं झालंय ते."

हळूहळू काका सुधारले. तिहाई गिळायला शिकले. त्यांना किती जड गेलं असेल ते मला दिसत होतं, दारापाशी आलं की उजवा हात स्वतःच्या मांडीखाली दाबून धरायचे. एकेक खोली मागे पडली, किंकाळ्या कमी झाल्या, कणीकही सुटली. फक्त शेवटची खोली काही सुटेना. तिथे मोठा पट्टा असतो, त्याची लय मध्येच बदलते, आणि काका नेमके त्याच वळणावर पडायचे. दर रविवारी नूतन समजावायची, आधी धीर धरा, मग पट्टा जड झाला की उजवं बटण. बोलता बोलता विषय कुठेही जायचा. तिच्या खोलीतला पंखा आवाज करतो, मित्राचं लग्न ठरलंय, आईसारखी सुकटीची चटणी जमत नाही. काका चटणीचं प्रमाण सांगायचे आणि पुन्हा पडायचे. असे कितीतरी रविवार गेले.

मला खटकलं ते वेगळंच. माणूस चुकतो तेव्हा कधी आधी चुकतो, कधी नंतर. मी टाळकरी आहे, चुकण्याचा माझा अभ्यास दांडगा आहे. काका मात्र दर वेळी एकाच मात्रेवर, अगदी मोजून चुकायचे. इतकं तालात चुकलेलं मी कुणाला पाहिलं नव्हतं.

एका सकाळी हिने घावन दिले म्हणून ताट घेऊन मी लवकरच वर गेलो. दार नेहमीसारखं उघडंच होतं. काका शेवटच्या खोलीत होते, आणि त्यांचे डोळे मिटलेले होते. बोटं बटणांवर हलकेच पडत होती, ओठांतल्या ओठांत 'धा धा दिं ता' चाललं होतं. पट्ट्याची लय बदलली, बोटांची बदलली, गिरणवाली जागची हलली नाही. गिरणीचं दार उघडलं. बाहेर लख्ख ऊन, भाताची खाचरं, आणि बांधावरून चाललेला एक माणूस, त्याच्या खांद्यावर एक लहान पोरगी. पोरगी त्याच्या डोक्यावर हातांनी ठेका धरत होती. काकांनी डोळे उघडले, ते चित्र संपेपर्यंत पाहिलं आणि खेळ पुन्हा पहिल्यापासून लावला. मग त्यांना मी दिसलो.

"बसा," म्हणाले. ताट घेतलं, पण घावनाला हात लावला नाही.

"लहान होती तवा गिरनीला लय भ्यायची. भात घेऊन जायचो, तं आवाजानं रडायची. मी सांगितला, रडू नको गो, त्याच्यासंगती बोल धर. धा धा दिं ता. बोल धरला की भ्या लागत नाय." लॅपटॉपकडे बोट दाखवून म्हणाले, "तिनं ध्यानात ठेवलान."

"काका, म्हणजे खेळ तुम्हाला येतो! मग तिला सांगा की. केवढी खूश होईल!"

"आन मंग?"

"मग काय?"

"खेल संपला तं पुढल्या आयतवारी ती बोलंल काय? जेवलात का?" त्यांनी लॅपटॉपवरची नसलेली धूळ पुसली. "मास्तर, समेवर या. कोनाला बोलायचं नाय."

ज्याने एका मात्रेसाठी भरलं भजन सोडलं, तो माणूस दर रविवारी लेकीच्या कानांदेखत हात सोडत होता. मला भरून आलं, आणि भरून आलं की मी उगाच खातो, म्हणून त्यांच्या ताटातले दोन घावन मीच संपवले.

दिवाळीत नूतन चार दिवस आली. परतताना रिक्षा यायची होती म्हणून खाली माझ्याबरोबर उभी राहिली. वर गॅलरीत काका हात हलवत उभे होते. मला राहवेना. मी आपला आडून विचारायला गेलो, "काय गं, बाबांची ती शेवटची खोली फारच अवघड केलीस का?"

ती हसली. "सर, तुम्हालाही माहितीये ना?"

मी रिक्षा येतेय का ते बघायला लागलो.

"खेळ कुणी पुरा केला की आमच्याकडे दिसतं. बाबांच्या लॅपटॉपवर गिरणीचं दार रोज सकाळी उघडतं. कधीचं उघडतंय." ती वर बघत हात हलवत होती. "त्यांना कळू देऊ नका हां. प्लीज."

"मग तू दर रविवारी ते सगळं समजावतेस ते…"

"नाहीतर काय बोलू, सर? आमच्या दोघांच्या वाटचं आईच बोलायची."

रिक्षा आली. काका वरून ओरडले, "पोचलीस की फोन कर गो!" आणि ती खालून ओरडली, "शेवटच्या खोलीची प्रॅक्टिस ठेवा!"

आता मी रविवारी दोघांच्या मध्ये तोंड शिवून बसतो. मंडळात टाळ धरून इतका घाम फुटला नव्हता. परवाच्या रविवारी नूतन फोनवर सुकट स्वस्त झाल्याचं सांगत होती, काका मन लावून ऐकत होते, आणि ऐकता ऐकता सोप्या, दुसऱ्या नंबरच्या खोलीत खरोखरचे चुकले. गिरणवाली किंचाळली, काका किंचाळले, मीही किंचाळलो. तिकडे नूतन हसून हसून बेजार.

"अहो बाबा, दुसऱ्या खोलीत? समेवर या!"

काकांनी घाम पुसला आणि फोन जरा आपल्या बाजूला ओढून घेतला.

"येतो गो," म्हणाले. "तुना घाई हाय का?"

"नाही, बाबा," ती म्हणाली. "मला काही घाई नाही."