एमिलराव दुदेक यांनी वैद्यराजांस दिलेल्या उत्तराची बखर

स्वस्ति श्री. ज्या देवाने चेंडू वाटोळा न करिता दोहो टोकांस निमुळता केला आणि तो कोणीकडे उसळेल हे आपणापाशीच ठेविले, त्यास नमन करून शके अठराशे चौऱ्याहत्तर, पौष मासी घडले वर्तमान लिहिले असे.

समुद्रापलीकडे एक मुलूख. तेथे कोळशाच्या खाणी बहुत आणि लोक चेंडूच्या लढाईचे वेडे. अकरा गडी इकडे, अकरा तिकडे. चेंडू काखेत धरून शत्रूच्या हद्दीत न्यावा आणि शत्रूने अंगावर पडून धावणारास भुईस मिळवावे, ऐसा खेळ. तेथील एका राज्याच्या पदरी एमिलराव दुदेक, खाणकामगाराचे पुत्र, धावण्यात नामांकित. चाकरीत नाक मोडले, गुडघ्यातून पाणी काढिले आणि मागील वर्षी डोक्यास ऐसा मार बसला की एका घराची दोन घरे दिसो लागली. तेव्हा पत्नी हेलनबाई बोलिल्या, "अहो, हाडे मोडली तर मी बांधीन. डोके मोडले तर काय बांधू? पुन्हा असे दिसले की त्याच क्षणी मैदान सोडायचे. घ्या शपथ." एमिलरावांनी घेतली, आणि मनापासून घेतली.

मग अंतिम लढाईचा दिवस आला. मैदान गोठोन दगड जाहले होते. राज्यास कैक वर्षांत विजय नव्हता, आणि लढाई बरोबरीत असता शत्रूचे दोघे आडदांड एकदम आले आणि एमिलरावांचे डोके भुईवर आपटले. त्या सैन्याची रीत ऐसी की, डोक्यास मार बसलेल्याने वैद्यराजांपुढे बसावे, वैद्यराजांनी बोटे दाखवून "किती?" म्हणोन पुसावे, आणि उत्तर बरोबर आल्यास पुन्हा रणात धाडावे. परंतु वैद्यराजांस नेहमी दोनच बोटे उचलण्याची सवय, आणि ती साऱ्या सैन्यास ठाऊक. म्हणोन आजवर कोणाचे उत्तर चुकले नव्हते, आणि "माझ्या गड्यांची डोकी लोखंडाची," ऐसे वैद्यराज अभिमानाने सांगत.

इतक्यात नायक गस मलोनी धावत आले आणि बोलिले, "ऊठ रे रेड्या! झोप काय घरी मिळत नाही? तू नाहीस तर चेंडू कोण नेणार, माझी आजी?" एमिलराव हळूच म्हणाले, "गस, मला तू दोन दिसतोस." "बरेच झाले. आज एका गसने भागतही नाहीये!" आणि मग वैद्यराजांनी हात उचलिला. "किती?" एमिलरावांस चार बोटे दिसली, तीही तरंगताना. शपथ आठवली. चार म्हणावे आणि घोंगडी पांघरून बाकावर बसावे, इतकेच करणे होते. आणि मग लोकांनी त्यांच्या नावाचा गजर केला, आणि तोंडातून गेले, "दोन." वैद्यराजांनी पाठ थोपटिली.

मग एमिलराव रणात गेले आणि चेंडू घेऊन तिघांस ओढीत हद्द ओलांडिली, आणि राज्यास विजय प्राप्त जाहला. लोकांनी खांद्यावर मिरविले, राज्याचे धनी जे सरकार, त्यांनी विजयाची अंगठी दिली. परंतु भुईवर आपटल्यापासून दुसऱ्या सकाळपर्यंतचे काहीएक एमिलरावांस आठवेना. पुढील हंगामी सांगितलेला डाव निम्म्यात विसरो लागले, तेव्हा सरकारांनी निरोप दिला. मग रंगाच्या दुकानी नोकरी धरिली, मग तीही सुटली, आणि शेजाऱ्यांची नावे गेली, आणि मग लेकीचे नाव गेले. शपथ मोडल्याचा बोल हेलनबाईंनी कधी लाविला नाही. ज्यास लावावा, तोच उरला नव्हता.

सायंकाळी ओसरीवर बसोन त्या ती दौड सांगत. "तिघे पाठीस लोंबकळत होते, बरे का, आणि पाय घसरत होता, तरी थांबणे नाही." एमिलराव परक्याची गोष्ट ऐकावी तैसे रंगून ऐकत, आणि पुसत, "मग? पोहोचला का तो?"

"पोहोचला," हेलनबाई म्हणत.

"शाबास," एमिलराव म्हणत, आणि टाळी वाजवीत.

येणेप्रमाणे राज्यास विजय मिळाला. तो दिवस साऱ्या मुलखास आठवतो. ज्याने मिळविला त्यास नाही. घडले ते लिहिले, अधिक काही नाही.