मौजे कुकडीटोला येथील ड्रॅगनाची कैफियत

श्रीमार्कंडेश्वर साक्ष. दक्षिणेस निघालेली वैनगंगा मार्कंड्यापाशी, घरी काही विसरून आल्यासारखी, उत्तरेस वळते, आणि त्या वळणाच्या अलीकडे चामोर्शी परगण्यात मौजे कुकडीटोला म्हणोन धानाचे गाव आहे; तेथे मंडईचे दिवशी ड्रॅगन कैसा आणविला, त्याजवर मसलती कैशा जाहल्या, शास्त्राची आणि पुराणाची गाठ कैसी पडली, ड्रॅगन कोणाच्या मुखी गेला आणि अखेर फत्ते कोणाची, ते साद्यंत लिहिले असे. थोरांच्या लढाया लिहावयास दफ्तरे आहेत. लहान गावाच्या भयाचे दफ्तर कोणी ठेवीत नाही, आणि भय तर लहान गावातही पुरत्या मापाचेच असते.

त्याचा मजकूर ऐसा जे, दिवाळीच्या पाडव्यास, गायगोधनाचे दिवशी, या गावची मंडई, म्हणजे जत्रा, भरते आणि उन्हे कलती होताच आखरावर, म्हणजे गावची गुरे जमतात त्या मोकळ्या मैदानावर, ढोलकीच्या तालात दंडार, म्हणजे नाचगाण्याचे नाटक, उभी राहते. दंडारीत राजकन्या असते, तिजला राक्षस पळवितो, मग राजपुत्र येऊन राक्षसास मारितो, आणि हा सिलसिला बापजाद्यांपासून चालत आला. राक्षसाचा मनसब देवाजीभाऊंकडे. देवाजीभाऊ म्हणजे कोण, तर वर्षाचे बाकी सर्व दिवस नदीत गरी टाकून बसणारे अबोल गृहस्थ. परंतु मंडईचे दिवशी तोंडास काजळ फासून त्यांनी गडगडाटी हास्य केले की पहिल्या रांगेतील मुले रडत आणि दुसऱ्या रांगेतील पोक्त माणसेही उगीच आपले जोडे चाचपीत.

ऐसे असता गेल्या साली नदीपल्याडच्या, चंद्रपूर जिल्ह्यातील बेलटोलेकरांनी दगा केला. त्यांनी आपल्या दंडारीत जेसीबी आणिला आणि त्याच्या पंजातून श्रीकृष्णास जमिनीवर उतरविले. ही खबर कुकडीटोल्यास पावताच हाहाकार जाहला. अखंडितलक्ष्मीअलंकृत राजमान्य राजश्री गुणवंतराव, दंडार मंडळाचे तहहयात अध्यक्ष, माजी उपसरपंच, कृषी केंद्राचे मालक आणि दोन मोटारपंपांचे धनी, यांस रात्रंदिवस तो पंजा दिसू लागला. मग एके दिवशी नात दीपिका हिच्या मोबाईलवर विलायती चित्रपट चालला असता त्यांनी आकाशातून आग ओकीत येणारे एक जनावर पाहिले आणि जागीच निश्चय करून हुकूम फर्माविला जे, यंदा राक्षस बरखास्त, राजकन्येस ड्रॅगन पळवील, आणि बेलटोलेकरांनी ते पाहून नदीत तोंड लपवावे.

मग कृषी केंद्रात युरियाच्या पोत्यांची गादी घालून खलबत बसले. विद्यमान अजय मास्तर, जिल्हा परिषद शाळेत विज्ञानाचे अध्यापक, यांस पाचारण करून ड्रॅगन सशास्त्र कैसा असावा याचा खुलासा मागितला. मास्तर बहुत वाचलेले. त्यांनी खाकरून निवेदन केले जे, चीन मुलखाचा ड्रॅगन निराळा आणि विलायतेचा निराळा. चिनी जो आहे तो लांब मिशांचा, बिनपंखांचा, ढगांत राहणारा आणि पाऊस देणारा, आणि विलायती जो आहे तो पंखवाला, आगलावा, सोन्यावर बसणारा आणि कुमारिकांवर नजर ठेवणारा. आपल्याकडे पुरलेल्या धनावर नाग बसतो तो याचाच दूरचा आप्त. मग म्हणाले, ही सर्व रूपे कोठून आली, तर जमिनीतून. आपल्याच सिरोंचाकडे खडकांतून प्रचंड जनावरांची हाडे निघाली आहेत. ऐशी हाडे पूर्वी जेथे जेथे कोणाच्या कुदळीस लागली असतील तेथे मनुष्याने त्यांजवर आपल्या भयाचे मांस चढविले, नदीपासून वळण घेतले, विजेपासून जीभ घेतली, वणव्यापासून श्वास घेतला, आणि रात्री लेकरांस निजविताना त्यास डोळे दिले.

हे ऐकून पोत्यांवरची मंडळी पाय जवळ घेऊन बसली. गुणवंतराव मात्र मुद्द्याचे. ते म्हणाले, “थे सगळं बरोबर हाये, मास्तर. पन उडते का नाई, तेवढं सांगा ना.”

मास्तरांनी नकार दिला. ज्यास पाठीचा कणा आहे त्यास अवयव चार. चार पाय देऊन वर दोन पंख दिले तर जमा सहा होते, आणि निसर्गाच्या दफ्तरी ऐसा हिशेब मंजूर नाही. शिवाय बैलाएवढे धूड उचलावयाचे तर पंख आखराच्या या टोकापासून त्या टोकापर्यंत लागतील आणि हाडे पक्ष्यासारखी पोकळ लागतील. आगीविषयी मात्र त्यांनी थोडी मुभा दिली. गाईच्या पोटात चारा आंबून जो वायू होतो तो जळतो, आणि एक किडा आपल्या शेपटाकडून उकळते पाणी फवारतो. तस्मात वायू साठविणारे पोट आणि ठिणगी पाडणारे दात एके ठिकाणी आले तर आग अगदीच अशक्य नव्हे. येवढ्यावर गुणवंतरावांनी टाळी वाजविली आणि शास्त्राची संमती मिळाली ऐसे जाहीर केले.

मग जंगलाकडच्या गावातून झिंगूभाऊ आणविले. हे गोंड गृहस्थ, बांबूचे काम यांजसारखे दुसऱ्याच्या हातात नाही. त्यांनी चिनी आणि विलायती दोन्ही पक्ष शांतपणे ऐकिले आणि विचारिले, “हे जनावर पाऊस देते का आग लावते, थे आधी ठरवा ना गा. बांबू एकच हाये.”

ठराव आगीचा जाहला. हाडे पोकळ पाहिजेत म्हणोन सांगाडा बांबूचा. देह हलका पाहिजे म्हणोन मांस नव्या हलक्या धानाच्या तणसाचे, म्हणजे पेंढ्याचे. त्याच तणसाचे खवले चिकटावयास तांदळाची खळ, आणि खळ घट्ट बसावी म्हणोन तीत गूळ. वाळवी लागू नये म्हणोन मास्तरांच्या सूचनेवरून सर्वांगास मिठाच्या पाण्याचा हात. ऐसा तो ड्रॅगन आखराच्या कडेस कडुलिंबाखाली पिवळाधमक पसरला, आणि मान त्याची ऐशी उंच की मार्कंड्याहून परतणारी माणसे गाड्या थांबवून पाहू लागली.

आणि देवाजीभाऊ? त्यांस गुणवंतरावांनी बोलावून नवी सनद ऐकविली. “तुले काढून नाई टाकलं गा, देवाजी. तुले ड्रॅगनच्या पोटात जागा देल्ली. आतून धूर तूच काढशील.”

देवाजीभाऊ म्हणाले, “मंजे मी आता चूल झालो.”

आणि येवढे बोलून घरी आले. घरी त्यांची पत्नी नीलाबाई सुपात धान पाखडीत होती. तिने थट्टा केली जे, “सुटला एकदाचा थो राक्षस! आता तरी घरात माणसावानी ऱ्हाल.”

तेव्हा हा अबोल पुरुष दारातच बसला आणि बोलला. “हासू नोको व, नीला. वर्षभर मले कोन पाह्यते? गरी टाकून बसतो, त थे मासोळीबी मले पाह्यत नाई. या एका दिवशी लेकरं मले पाहून मायच्या पदरात शिरतेत. थेबी आता तणसाले देऊन टाकू?”

नीलाबाईचे सूप थांबले. ती उठली आणि त्यांच्यापुढे पाण्याचा गडवा ठेविला. काही माणसांस जगात एकच जागा असते, आणि ती हाताएवढी असते, आणि ती जाते तेव्हा कोठे आवाज होत नाही. ही गोष्ट कोणत्याही सनदेत लिहीत नाहीत.

मग गायगोधनाचा दिवस उगवला. बेलटोलेकर आपली बायकामुले घेऊन डोंग्यांनी नदी उतरून आले आणि पहिल्या रांगा धरून, आता पाहू यांचे शौर्य, ऐशा मुद्रेने बसले. दुपारी गावची सर्व गुरे ओवाळिली, शिंगे रंगविली, गळ्यांत झेंडूच्या माळा घातल्या, खिचडी चारिली. या गावचा रिवाज ऐसा की त्या दिवशी गुरावर काठी उगारावयाची नाही, दावे ओढावयाचे नाही, हाड् म्हणोनही हाकावयाचे नाही. ते दिवसभर मालक आणि मनुष्य त्यांचा चाकर. हा रिवाज लेकरालाही पाठ. आणि गुरांस तणस आवडते, गूळ आवडतो आणि मीठ तर प्राणाहून आवडते, हेही या गावात ज्यास कळत नाही ऐसा कोणी जन्मला नाही. परंतु मनुष्य एकदा एखाद्या वस्तूस ड्रॅगन म्हणू लागला की ती वैरण आहे हे त्यास दिसत नाहीसे होते.

गुरे आखरावर आली. प्रथम गुणवंतरावांच्याच कठाणी जातीच्या जोडीतील एक बैल पुढे जाहला आणि त्याने ड्रॅगनाचे शेपूट हुंगून, डोळे मिटून, एक घास घेतला. मग त्याने मान वळवून आपल्या जातभाईंकडे पाहिले, आणि मग सारी फौज चाल करून आली. एक पथक डाव्या बगलेस लागले, एक उजव्या बगलेस, म्हशींनी पोट धरिले, कालवडींनी पाय धरिले, आणि ऐसी गर्दी जाहली की खवल्यांचा धुरळा उडाला.

गुणवंतराव धोतर सावरीत धावले आणि ओरडले, “अबे हाकला! काऊन पाहून राह्यले नुसते?”

गावकरी हात बांधून उभे. एक म्हातारी म्हणाली, “हाकलाचं कसं, भाऊ? आज गोधन हाये. लक्ष्मी जेवून राह्यली.”

तेव्हा अध्यक्षसाहेबांनी काठी टाकिली, पगडी उतरविली, आणि मानेस लागलेल्या आपल्याच तांबड्या गाईपुढे दोन्ही हात जोडून अर्ज केला जे, “माय माही, पोट खाय, पाय खाय, पन मान तेवढी सोड व!” गाईने अर्ज दाखल करून घेतला आणि मान खाल्ली. बेलटोल्याच्या रांगांतून हास्याचा पहिला लोट उठला. मास्तर पुटपुटले की गाईच्या पोटात आता वायू मात्र खचित होईल. परंतु त्या दिवशी शास्त्राकडे लक्ष द्यावयास कोणास फुरसत नव्हती.

गुरे तृप्त होऊन बाजूस जाऊन रवंथ करू लागली, तो कडुलिंबाखाली फक्त बांबूच्या फासळ्या उरल्या. इकडे ढोलकी सुरू जाहली होती. राजकन्येच्या सोंगात लुगडे नेसून उभा असलेला लोकेश, मला पळवावयास कोणी येत कसे नाही म्हणोन, तेच गाणे फिरफिरून म्हणत होता. गुणवंतराव शरमेने काळेठिक्कर पडून दंडार तहकूब करण्याचा हुकूम देणार, इतक्यात देवाजीभाऊ त्यांच्या जवळून गेले. तोंडास काजळ नाही. अंगात बंडी नाही. ते वाकले आणि त्या फासळ्यांच्या आत शिरले आणि सांगाडा पाठीवर घेऊन हातापायांवर आखराच्या मध्यावर आले आणि थांबले.

बेलटोलेकर हसत होते. देवाजीभाऊंनी गडगडाट केला नाही. त्यांनी फक्त श्वास घेतला. फासळ्या वर आल्या. त्यांनी श्वास सोडिला, फासळ्या खाली गेल्या. मग पुन्हा, आणि त्यांनी एकेकाच्या तोंडाकडे पाहिले, घाई न करता, जसे कोणी फार दिवसांनी भेटलेल्या माणसांकडे पाहते. वर्षभर कोणी न पाहिलेला मनुष्य जेव्हा उलटून पाहतो तेव्हा त्याच्या नजरेत काय असते, ते त्या दिवशी दोन्ही तीरांनी पाहिले. हसणे एका रांगेत थांबले, मग दुसऱ्या रांगेत. ढोलकीवाल्याचा हात आपोआप त्या श्वासाच्या तालावर पडू लागला. अजय मास्तर, ज्यांस सहा अवयवांचे जनावर मंजूर नव्हते, ते खुर्चीसह दोन रांगा मागे सरकले.

तेव्हा बेलटोल्याची एक लहान मुलगी आईस बिलगून म्हणाली, “माय, याच्या पोटात मानूस हाये.”

आई तिजला पदरात घेत म्हणाली, “म्हून त भेव वाटते, बाई.”

मग राजपुत्राच्या सोंगातला पवन लाकडी तलवार घेऊन आला, ड्रॅगनापुढे उभा राहिला, दोन श्वास पाहिले, आणि तलवार खाली ठेवून, “मी याले मारत नाई वो, तुम्हीच पाहा,” ऐसे प्रेक्षकांस सांगून मागील पावली निघून गेला. लोकेश राजकन्याही लुगडे वर धरून पळाली. ऐशा रीतीने बापजाद्यांपासूनच्या सिलसिल्यात प्रथमच राजपुत्राची हार जाहली, आणि त्यास कोणी हरकत घेतली नाही.

गुणवंतराव पुढे आले. त्यांनी सर्वांसमक्ष आज्ञा केली जे, यापुढे तणस गुरांस द्यावे आणि ड्रॅगनाचे पद देवाजीस तहहयात द्यावे. धूर काढण्याचा हुकूम रद्द. देवाजीभाऊ फासळ्यांतून बाहेर आले तेव्हा नीलाबाई समोर होती, आणि ती एक पाऊल मागे सरकली, आणि ते पाहून त्यांचा चेहरा ऐसा उजळला की तिजला हसू आले.

येणेप्रमाणे मोहीम सिद्धीस गेली. बेलटोलेकर सूर्य मावळण्याआधी, मुलांस मध्ये घेऊन, डोंग्यांत बसून पल्याड गेले. ड्रॅगन ही वस्तू जगात आहे अगर नाही, हा वाद पुढे कोणी काढिला नाही. सबब दाखला लिहिला असे: ड्रॅगन एक, नाव देवाजी, वस्ती कुकडीटोला, पंख नाहीत, आग दिसण्यात आली नाही, भय पुरते. फत्ते दर्ज केली.