बिनमाणसांचा सिनेमा

१९७४ च्या एप्रिलमध्ये, आटपाडीच्या पूर्वेकडच्या माळावर, सुभेदार गणपतराव शेळके यांनी समोरच्या डोंगराला "हलू नको रं" अशी ताकीद दिली आणि कॅमेरा सुरू केला. मी टेपरेकॉर्डर घेऊन शेजारी उभा होतो. डोंगर हलला नाही.

ही ताकीद ते प्रत्येक शॉटआधी देत. सैन्यात त्यांनी बावीस वर्षं फोटो काढले होते. साताऱ्याला परतल्यावर पेन्शनीतून चावीचा जुना कॅमेरा घेतला आणि मेंढपाळांच्या वाटेवर माहितीपट काढायला निघाले. दरसाल मेंढरं माणदेशातून कृष्णाकाठी उतरत, ती ही वाट. मी सांगलीच्या एका दैनिकात होतो. रजा टाकून त्यांच्याबरोबर गेलो.

"कालवा आला की हितं ऊस उभा ऱ्हाईल," ते म्हणत. "मग वाट हुती ह्याला पुरावा काय?"

पुरावा हा त्यांचा लाडका शब्द. चहा गोड झालाय म्हटलं, तरी ते पुरावा मागत.

एका रिळात पावणेतीन मिनिटं मावत आणि रिळं मोजकी होती. म्हणून त्यांचा नियम होता : "माणूस बोलतंय, त्याला टेप. डोंगुर मुका हाय, त्याला फिल्म." पण गावोगाव लोक पटके बांधून कॅमेऱ्यापुढे उभे राहत. सुभेदार कोणाला नाही म्हणत नसत. रिकाम्या कॅमेऱ्याला चावी देत, तो घरघरवत आणि "फस्क्लास!" म्हणत. याला त्यांनी नाव ठेवलं होतं सलामी.

या माळावर आम्हाला बिरूआबा भेटला. सत्तरीचा, ताडमाड उंच. मेंढरं कुठल्या रानात बसवली, खताच्या बदल्यात कुठल्या मालकानं किती ज्वारी घातली, सगळे मुक्काम त्याला ओळीनं पाठ. ते टेपवर सांगून झाल्यावर तो म्हणाला, "सुभेदार, आता माझा फोटू काडा. म्हातारीला दावायचाय."

त्याला सलामी मिळाली. मग सुभेदारांनी फिल्म भरली आणि डोंगराकडे वळले. ऊन पाठीमागून तिरपं येत होतं. बिरूआबा त्यांच्या खांद्याशीच उभा.

"आवं आबा, बाजूला व्हा की."

"का? डोंगुर लाजतुया व्हय?"

फिल्म मुंबईहून धुऊन आली तेव्हा त्या शॉटच्या खालच्या कडेला काळा पट्टा होता. "आबानं घाण केली," असं सुभेदार तीन दिवस म्हणत होते. पुन्हा शॉट घ्यायला गेलो, तर माळावर कालव्याची खोदाई सुरू झाली होती. खराब शॉट तसाच ठेवावा लागला.

त्या पावसाळ्यात बिरूआबा वारला.

दिवाळीनंतर त्याच्या गावच्या शाळेत भरदुपारी सिनेमा दाखवला. खिडक्यांना घोंगडी लावून अंधार केला. बिरूआबाची बायको लखूबाई सगळ्यात पुढं बसली होती. पडद्यावर माळ, ओढे, टेकाडं. शेजारच्या टेपवर बिरूआबाचा आवाज मुक्काम सांगत होता.

"आवाज हाय, मग माणूस कुटं हाय?" लखूबाईनं विचारलं. "फोटू काडलाय म्हनलं हुतं मला."

सुभेदारांनी यंत्र थांबवलं. एक घोंगडं बाजूला सारलं.

"मावशी, तवा कॅमेऱ्यात फिल्म न्हवती. मी फसवलं आबाला."

मग लखूबाई म्हणाली, "ऱ्हाऊ द्या. म्होरलं दावा. मुक्काम तरी ऐकू द्या."

घोंगडं पुन्हा लागलं. शेवटी तो डोंगर आला, खाली काळ्या पट्ट्यासह. लखूबाई उठली आणि पडद्याशी गेली.

"ह्यो पटका," तिनं बोट ठेवलं. "ही काठी. अशी वाकडीच धरायचा. किती येळा सांगितलं, नीट धर म्हनून."

माळावर लांबलचक सावली पडली होती. सुभेदारांनी रीळ उलटं गुंडाळलं आणि तो शॉट पुन्हा लावला. असं सात वेळा केलं. पुरावा हा शब्द त्यांनी त्या दुपारी उच्चारला नाही.

दुसऱ्या दिवशी सकाळी, उरलेलं एकच रीळ भरून, ते लखूबाईच्या दारात गेले. मी बरोबर होतो. ती शेळीला पाला घालत होती.

"कसं बसू?" तिनं विचारलं.

"कसं बी बसा, मावशी. हला, बोला, काय बी करा."

त्यांनी पुन्हापुन्हा चावी देत रीळ संपेपर्यंत कॅमेरा चालू ठेवला. त्या पावणेतीन मिनिटांत डोंगर कुठेही नाही.